बिनतेलाचा रहाट

१

टांगा बाहेर थांबवून ठेवलाय ना? बरं केलंत. आमच्या ह्या पाम गावात परतीचा टांगा मिळणं म्हणजे देव पावणं. बसा, त्या वेताच्या खुर्चीत बसा. पारू चहा आणेल. मी मात्र इथेच, पियानोपाशी बसून बोलेन आणि माझा हात चालू राहील. ही एवढी एकच खालची पट्टी वाजत राहील. तिच्याकडे लक्ष देऊ नका. थोड्या वेळानं सवय होते.

ओटीवर ज्यांना तुम्ही वाकून नमस्कार केलात ना, तेच प्रतापराव, माझे यजमान. उत्तर दिलं नाही म्हणून मनाला लावून घेऊ नका. ऐकत असले की ते बोलत नाहीत.

कमलाकांत नाव म्हणालात, नाही का? मुंबईला कॉलेजात शिकवता, स्वतःही पियानो वाजवता, आणि ह्यांच्या कारकिर्दीवर लेख लिहिताय. तुमचा प्रश्न मला पत्रावरूनच कळला होता. एवढा मोठा पियानोवादक, आधुनिक पाश्चात्त्य संगीताचा एवढा अभ्यासक, मुंबईत असा कार्यक्रम करतो की लोक उभे राहून टाळ्या वाजवतात, आणि दुसऱ्या दिवसापासून पियानोला हात लावत नाही. का? सगळे हेच विचारतात. मी आजवर कोणाला सांगितलं नाही. तुम्हाला सांगते.

पण सुरुवात रहाटापासून करावी लागेल. आमच्या वाडीत रहाटाला तेल घालायची बंदी होती. विहिरीवर लाकडी रहाट, त्याला लोट्यांची माळ, आणि तो फिरवायला रेडा. रेड्याच्या डोळ्यांवर झापड बांधायची, म्हणजे गोल फिरून त्याला घेरी येत नाही, आणि मागून कोण हाकतंय तेही दिसत नाही. तेल घातलं तर रहाट मुका होतो. मुका रहाट काय कामाचा? तो असा कुरकुरला पाहिजे की ओटीवर बसलेल्या मालकाला कळावं, रेडा चालतोय, पानवेलींना पाणी जातंय. आवाज थांबला म्हणजे रेडा थांबला. मग मालक उठणार. इकडच्या वाड्यांत हीच रीत. बायका चुलीपाशी असोत, पोरं अभ्यासाला असोत, सगळ्यांचा एक कान रहाटाकडे. आवाज चालू आहे ना, मग सगळं ठीक आहे.

माझे सासरे धर्माजी उठायचे ते पराणी घेऊनच. पराणी म्हणजे टोकाला लोखंडी आर ठोकलेली काठी. तुम्ही शहरातले, पाहिली नसेल.

२

शेजारच्या बागेत दीनबाई नावाची पारशीण राहायची. तिच्याकडे हा पियानो होता. वाडीतल्या ह्या मुलाची, म्हणजे ह्यांची, बोटं बघून तिनं त्याला हौसेनं शिकवलं, आणि मुंबईला कायमची गेली तेव्हा पियानो त्याला देऊन गेली. सासऱ्यांनी गाडीतून घरी आणला. त्यांना त्यातलं ओ की ठो कळत नव्हतं. एवढंच कळायचं की वाजतोय की नाही. मग काय, ओटीवर बसून एका कानानं रहाट ऐकायचे, दुसऱ्या कानानं पियानो. जो थांबेल त्याच्याकडे उठून जायचे. ह्यांच्या पोटऱ्यांवर आरेचे जुने डाग आहेत. लग्न झाल्यावर मी विचारलं तर म्हणाले, "तालाचे आहेत." आणि हसले.

एकदा भर उन्हाळ्यात रेडा बसला. उठेचना. सासऱ्यांनी त्याला विहिरीच्या काठावर मारायला सुरुवात केली आणि तो मरेपर्यंत मारत राहिले. त्या झटापटीत रेड्याचा खूर त्यांच्या उजव्या पायावर पडला, अंगठा चेचला आणि कायमचा आडवा झाला. मुलगा आत ह्या खोलीत वाजवत होता. सगळं ऐकत होता. "मी त्या दिवशी थांबलो नाही, मंदा," ते मला सांगायचे, "म्हणून मला मार पडला नाही."

अशी झाली तुमच्या लेखातल्या कारकिर्दीची पायाभरणी. लिहा हवं तर.

पुढचं तुम्हाला माहीतच आहे. दीनबाईच्या ओळखीनं लंडन, तिथलं शिक्षण, मग मुंबईत कार्यक्रम, व्याख्यानं, इंग्रजी मासिकांतले लेख. ज्या संगीतात गुणगुणायला चाल नसते, नुसते ठोके आणि मध्ये शांतता, ते लोकांना समजावून सांगण्यात ह्यांनी आयुष्य घातलं. मी म्हणायची, "अहो, हे वाजवायचं तर मी मांडणीवरची भांडी पाडते की!" ह्यांना राग यायचा नाही. पोट धरून हसायचे आणि म्हणायचे, "पाड, पण पाडून झाल्यावर थांब. सगळी मजा त्या थांबण्यात आहे." इतका मऊ माणूस मी पाहिला नाही हो. आवाजसुद्धा कधी चढवला नाही माझ्यावर. मी तोंडाळ, आणि ते हसरे. माझा फार जीव होता त्यांच्यावर. अजून आहे.

जरा थांबा, हात बदलते. हं.

३

मग ह्यांचं उजवं मनगट दुखायला लागलं. मुंबईच्या डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलं, थोडं वाजवा, थांबा, पुन्हा थोडं वाजवा. न थांबता बसलात तर हा हात पुन्हा पियानोवर चालायचा नाही. आणि तिकडे मुंबईचा कार्यक्रम ठरलेला, त्यात ह्यांनी स्वतः बांधलेली नवी रचना पहिल्यांदा वाजवायची होती. म्हणून आम्ही इथे वाडीत आलो. सासरे वारले होते. घर शांत. मला एकच काम, ह्यांना वेळेवर थांबवणं. मी शाळेत मुलांना शिकवलेली बाई, तास संपल्याची घंटा द्यायला मला कोण शिकवणार? स्वयंपाकघराच्या चौकटीवर पळी आपटायची, की ह्यांनी हात उचलायचा. ठरलं.

त्याच सुमारास वाडीत वीज आली. विहिरीवर मोटर बसली. रहाट हाकणाऱ्या नवशानं रहाट सोडवला, लाकडं गोठ्यात रचली आणि तो बोईसरकडे कामाला गेला. नंतर घेतलेला रेडाही विकला. मी म्हटलं, सुटलो बाई त्या किरकिरीतून.

दुपारची वेळ होती. मी मागच्या पडवीत बोंबील निवडत होते, आत ह्यांचं वाजवणं चालू होतं. आणि माझ्या लक्षात आलं की मी नेहमीसारखा एक कान रहाटाकडे लावून बसले आहे, आणि रहाट वाजतोय. पियानोच्या खालून, कुर्र, कुर्र. मी उठून विहिरीवर गेले. मोटर बंद. गोठ्यात लाकडं जशीच्या तशी. परत आले तर पियानो थांबलेला, आणि तोही आवाज थांबलेला.

"तुमचं पेडल कुरकुरतंय," मी म्हटलं.

"कालच तेल घातलंय त्याला," हे म्हणाले.

मी मॅट्रिक झालेली बाई. म्हटलं, लाकूड आहे, समुद्राचा वारा आहे, तारापूरला अणुवीज केंद्राच्या पायासाठी सुरुंग उडतात, घर हादरतं. कुठली तरी तुळई कुरकुरत असेल. विषय संपला.

पण ह्या खोलीची जमीन मी रोज सकाळी शेणानं सारवायची. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी केर काढायला आले आणि बघते तर पियानो आणि स्टुलाभोवती गोल पायवाट. ओल्या सारवणात अनवाणी पावलं उमटलेली, एकावर एक, फिरून फिरून. हे तर स्टुलावर बसलेले असतात. मी वाकून बघितलं. उजव्या पावलाचा अंगठा आडवा होता.

मी पुन्हा सारवलं. ह्यांना बोलले नाही.

४

ती नवी रचना कशी होती सांगू का? एक लहानसा तुकडा, तोच पुन्हा पुन्हा वाजवायचा, दर वेळी एखादा सूर इकडचा तिकडे. शेवट लिहिलेलाच नाही. वाजवणाऱ्यानं आपल्या मनानं ठरवायचं, आता पुरे. ह्यांच्या मते सगळ्या आधुनिक संगीताचा तोच गाभा. कोणी सांगितलं म्हणून नव्हे, तर स्वतःला वाटलं म्हणून थांबायचं. "मी लहानपणी कधी स्वतःच्या मनानं थांबलो नाही, मंदा," हे म्हणाले. "एकदा लोकांसमोर थांबून दाखवायचंय."

मला भरून आलं होतं तेव्हा. मी म्हटलं, "थांबा हो, खुशाल थांबा. मी आहे ना पळी घेऊन."

पहिले काही दिवस पळी वाजली की हे थांबायचे. मग एक दिवस थांबले नाहीत. मी पुन्हा आपटली. पुन्हा नाही. तणतणत आत आले, "कान फुटले का हो?" आणि दारातच उभी राहिले. ह्यांनी उपरण्यानं डोळे बांधून घेतले होते.

"पाठ झालंय का बघतोय," हे म्हणाले. हात चालूच.

"पाठ बघायला डोळे मिटता येतात. सोडा ते!"

मी उपरणं ओढून काढलं तेव्हा ते थांबले, आणि थांबताक्षणी त्यांनी खांदे असे आवळून घेतले. मार खाणारं पोर आवळतं तसे. मग माझ्याकडे बघून ओशाळं हसले. मनगट टोमॅटोसारखं लाल झालं होतं.

दुसऱ्या दिवशी न्हाणीत पाठीवर पाणी घालायला गेले, तर पाठीवर आडवे वळ. ताजे. एकदोन ठिकाणी कातडी फुटून आरेएवढं भोक पडलेलं. माझ्या हातातला तांब्या खाली पडला.

"हे कोणी केलं?"

"काय केलं?"

त्यांना खरंच माहीत नव्हतं. हात मागे नेऊन त्यांनी बोटं फिरवली, बोटांना लागलेलं रक्त बघितलं आणि माझ्याकडे असं बघितलं की जणू मीच त्यांना काही सांगू शकेन. मी विचार करत बसले. स्वतःच्या हातानं कोणी स्वतःच्या पाठीच्या मधोमध असं मारून घेऊ शकतं का? मी आत जाऊन लाटणं घेऊन करून बघितलं. नाही पोचत हात.

तेव्हा मला पहिल्यांदा भीती वाटली. पण पियानो सोडून चला, असं म्हणायची हिंमत झाली नाही. तो कार्यक्रम म्हणजे ह्यांचा जीव होता.

५

मी नवशाला निरोप धाडला. म्हटलं, रहाटाची लाकडं घेऊन जा, फोड, चुलीत घाल, काय वाटेल ते कर. घरात नकोत. नवशाला आनंदच झाला, सागाची कोरडी लाकडं. आला कुऱ्हाड घेऊन. सासऱ्यांची पराणीही तिथेच गोठ्यात खुंटीला होती, ती मी त्याला आधी जाळायला सांगितली.

"पराणी खय हाय, बाय? खुंटीला नाय," तो म्हणाला.

"मग पडली असेल कुठे. तू फोडायला घे."

त्यानं पहिला घाव घातला आणि आत पियानोवर दोन्ही मुठी आपटल्यासारखा आवाज झाला. दुसरा घाव, पुन्हा तसाच. मी खिडकीतून बघितलं तर हे मुठींनीच वाजवत होते, डोळे बांधलेले, तोंड उघडं. मी ओरडले, "नवशा, थांब रे!" पण त्याचा तोपर्यंत मधला सोट उभा चिरून झाला होता.

मग तो ओरडला. गोठ्यातून धावत बाहेर आला, एक हात कानावर, बोटांमधून रक्त गळत होतं. कानाची पाळी लोंबत होती. पारूनं पदर फाडून बांधला.

"लाकूड उडालं का?" मी विचारलं.

"लाकूड नाय, बाय. मारला मला. पाठीमागून."

"कोणी?"

"बगला नाय मी." तो मागे न बघताच फाटकाकडे निघाला. "धर्माजीबाबा असाच मारायचा, कामात कसूर झाली की. मागं वलून बगितला की आनखी मारायचा. मी बगितला नाय. मी जातो, बाय. लाकडा नकोत मला."

तो गेला तो पुन्हा आला नाही. आणि रहाट आता पुन्हा बांधता येणार नव्हता. मला वाटलं होतं लाकूड गेलं की आवाज जाईल. उलट झालं. आता वाडीत वाजत राहायला एकच गोष्ट उरली होती, आणि ती ह्या खोलीत होती.

पारू, चहा ठेव त्यांच्याजवळ. हो, माझा राहू दे. एका हातानं पिते मी.

६

मुंबईला निघायच्या आदल्या दिवशी दुपारी मी ह्यांचा कोट इस्त्री करत होते. पियानो चालू होता. आणि मला काय वाटत होतं सांगू? की सगळं ठीक आहे. आवाज चालू आहे ना! इथे राहून राहून माझेही कान ह्या घरचे झाले होते. कोट झाला, शर्ट झाले, धोतरं झाली, मग अचानक जाणवलं, अगं बाई, हे मघापासून थांबलेच नाहीत. पळी आपटली. आपटून आपटून पळीचा दांडा वाकला. मी आत धावले.

पट्ट्या लाल झाल्या होत्या. बोटांची टोकं फुटली होती आणि त्याच फुटलेल्या बोटांनी हे तोच तुकडा वाजवत होते. अंगातला सदरा पाठीवर चिंध्या झालेला. आणि कमलाकांतराव, माझ्या डोळ्यांदेखत, त्यांचा हात जरासा मंदावला की पाठीवरची चिंधी सटकन उडायची आणि नवीन रेघ उमटायची. खोलीत दुसरं कोणी नव्हतं. सारवणावर फक्त पावलं उमटत होती, एकामागून एक, स्टुलाभोवती.

"मंदा," हे म्हणाले, "मला थांबव गं. थांबलो की मारतात."

मी त्यांना मिठी मारली. त्यांचे हात धरून वर उचलले. आवाज थांबला आणि माझ्या पाठीत असा फटका बसला की डोळ्यांपुढे अंधारी आली. दुसरा खांद्यावर. तिसऱ्याला आर लागली, इथे, मानेखाली, खूण अजून बोटानं चाचपता येते. मी शिव्या दिल्या. सासऱ्यांना नाव घेऊन शिव्या दिल्या, मेल्या, मेलास तरी सोडत नाहीस का आम्हाला! मार थांबेना. ह्यांचे हात पुन्हा पट्ट्यांकडे ओढले जात होते आणि मला दिसत होतं की अजून थोडा वेळ, आणि हे हात कायमचे गेले.

मग मला सुचलं. सासऱ्यांना सूर कुठे कळत होता? आवाज चालू की बंद, एवढंच कळायचं. कोण वाजवतंय ह्याच्याशी त्यांना काय करायचंय? मी ह्यांना ढकलून स्टुलावरून खाली पाडलं, स्वतः बसले आणि ही खालची पट्टी धरली. ठण्, ठण्, ठण्. अशीच.

मार थांबला.

मला रडू फुटलं आणि हसूही फुटलं. वाजवत राहिले. म्हटलं, "अहो, उठा, हात धुवा, हळद लावा, मी बसलेय इथे." हे उठल्याचं ऐकू आलं. माझ्या मागे येऊन उभे राहिल्याचं कळलं. मला वाटलं खांद्यावर हात ठेवतील. माझं मनगट दमलं होतं, मी क्षणभर थांबले.

पाठीत आर घुसली.

आता हे बघा, पियानोच्या ह्या काळ्या पुढच्या फळीला किती चकाकी आहे. तुमचं तोंड दिसतंय ना त्यात? मी मागे वळले नाही. फळीत बघितलं. उपरण्यानं डोळे बांधलेला माणूस माझ्या मागे उभा होता आणि त्याचा पराणी धरलेला हात वर होता. सदऱ्याच्या चिंध्या होत्या, तेव्हा ते हेच. मी नजर खाली केली. स्टुलाशेजारी सारवणात उजवं पाऊल रोवलेलं होतं. माझ्या नवऱ्याचे पाय मला माहीत नाहीत का? अंगठा आडवा होता.

मी वाजवत राहिले. दिवस मावळला, रहाट सोडायची वेळ झाली, तसं ते पाऊल आपोआप हललं आणि हे जमिनीवर कोसळले.

७

शुद्धीवर आले ते माझे प्रताप. माझी पाठ बघून ढसाढसा रडले. "कोणी मारलं तुला?" मी म्हटलं, पडले.

वाटलं, कार्यक्रम रद्द करतील. नाही केला. बोटांना पट्ट्या बांधून मुंबईला गेलो. मी पहिल्या रांगेत बसले, पाठ खुर्चीला टेकवता येत नव्हती. ह्यांनी जे वाजवलं ना, तुम्ही होतात का तिथे? होतात? मग तुम्हाला मी काय सांगू! मला त्यातलं काही कळत नाही, पण त्या दिवशी कळलं. तो तुकडा फिरत होता, फिरत होता, आणि मग ह्यांनी मान वळवून माझ्याकडे बघितलं. मी मान हलवली. पुरे. आणि हे थांबले. स्वतःच्या मनानं, हजार माणसांपुढे, हात मांडीवर ठेवून थांबले. कोणी मारलं नाही. सगळं सभागृह उठून उभं राहिलं. मी पदरात तोंड खुपसून रडले. मला वाटलं, जिंकलो आपण.

बोईसरला उतरून घरी आलो. हे ओटीवर बसले. नेमके त्या जागी, खांबाला टेकून, जिथे सासरे बसायचे. पूर्वी कधी तिथे बसत नसत. मी आत येऊन दिवा लावत होते. हे जन्मभर साफ मुंबईचं मराठी बोललेले, लंडनचं इंग्रजी बोललेले. ओटीवरून हाक आली,

"आवाज कां बंद हाय रे आतला?"

८

म्हणून मी वाजवते. आज किती काळ झाला विचारू नका. अणुवीज केंद्राचं काम तेव्हा चालू होतं, यंदा ते सुरू झालं म्हणतात. रात्री झोप लागते त्यांना, तेव्हा मलाही लागते. उजाडलं की ओटीवरून हाक येते.

पळून का गेले नाही? गेले होते की. एकदा सकाळी सरळ बोईसर स्टेशन गाठलं. पण मी उठले की ते स्वतः येऊन इथे बसतात, डोळे बांधतात आणि वाजवतात, आणि मग त्यांना हाकणारा कोण असतो ते तुम्हाला सांगून झालंय. पारू धावत मला न्यायला आली. परत आले तर डाव्या हाताची दोन नखं उपटून पट्ट्यांवर पडली होती. ह्या जागेवर कोणीतरी बसलेलं लागतं. ते नसतील तर मी. मला ते हात मोडलेले बघवत नाहीत. अजूनही एखाद्या दिवशी झोपेत माझा हात हातात घेतात ना, तेव्हा तीच मऊ बोटं असतात. पण माझंही मनगट आता राहिलं नाही. हे बघा किती सुजलंय. परवा दोनदा पट्टी चुकली. पाठ दाखवण्यासारखी नाही.

तुम्ही पत्रात लिहिलं होतंत, एकटाच येईन, घरी कोणी वाट बघणारं नाही, चार दिवस राहीन. मी ते पत्र किती वेळा वाचलं. दारात आलात तेव्हा मी तुमचा चेहरा नाही बघितला, बोटं बघितली. लांब आहेत, मजबूत आहेत. तरुण आहात.

ह्यांचा मुंबईच्या कार्यक्रमाचा फोटो हवा होता ना तुम्हाला? आतल्या ट्रंकेत आहे, आणते. तेवढ्यापुरतं जरा इकडे या. बसा स्टुलावर. बोट ठेवा इथे, माझ्या बोटाशेजारी. हं. मी उचलते आता, तुम्ही चालू ठेवा. अस्सं. छान वाजवता हो तुम्ही. काही अवघड नाही, फक्त थांबायचं नाही. ओटीवर कोणी उठल्याचा आवाज आला तरी मागे बघायचं नाही. फळीतसुद्धा बघू नका.

मी आलेच.

पारू, माझी पिशवी दे गं. आणि त्या साहेबांचा टांगा गेला तर नाही?

"नाय, बाय. उबा हाय अजून."